नसरीन मोहमदी यांच्या रेघा : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी चित्रकार नाही. सिव्हिल ड्राफ्ट्समनचा कोर्स केला आणि संगणक येईपर्यंतची सगळी वर्षं ड्रॉइंग बोर्डवर वाकून घालवली. नसरीन मोहमदी यांची चित्रं पहिल्यांदा पाहिली तेव्हा आमचीच हत्यारं कुणीतरी भलत्याच कामाला लावली आहेत हे ओळखलं आणि तिथून हलता येईना. त्यानंतर वाचनालयांत, कलाशिक्षकांच्या बैठकांत, मैत्रिणींच्या घरी या 'समकालीन', 'मिनिमल' म्हटल्या जाणाऱ्या, पट्टी-पेनाने ओढलेल्या रेघांच्या चित्रांबद्दल पुष्कळदा बोलले. तेच ते प्रश्न येत राहिले, म्हणून उत्तरं एकदा नीट लिहून ठेवते आहे.

नसरीन मोहमदी कोण होत्या?

जन्म 1937 चा, कराचीचा. 1944 मध्ये कुटुंब मुंबईला आलं. 1954 ते 1957 लंडनच्या सेंट मार्टिन्स कलाशाळेत शिक्षण, पुढे फ्रेंच सरकारच्या शिष्यवृत्तीवर 1961 ते 1963 पॅरिसमध्ये. वडिलांचं बहारीनला छायाचित्रणाच्या साहित्याचं दुकान होतं, त्यामुळे तिकडचं वाळवंटही त्यांच्या येण्याजाण्यातलं. मुंबईत वॉर्डन रोडवरच्या भुलाभाई इन्स्टिट्यूट या कलाकारांच्या एकत्र कामाच्या जागेत त्या काम करत. 1972 पासून बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात, ललित कला विभागात शिकवू लागल्या. 1990 मध्ये अलिबागजवळच्या किहीमला त्यांचं निधन झालं. पन्नाशी नुकतीच ओलांडली होती.

यातलं किहीम लक्षात ठेवा. शेवटी पुन्हा तिथेच जायचं आहे.

1990 ला गेलेल्या बाईंना समकालीन कसं म्हणायचं?

कलेच्या व्यवहारात हा शब्द साधारण 1960-70 नंतरच्या कामाला लावतात, हयात असण्याशी त्याचा संबंध नसतो. शिवाय नसरीन यांची मोठी प्रदर्शनं त्या गेल्यानंतरच झाली. 2007 मध्ये जर्मनीतल्या कासेलच्या बाराव्या डॉक्युमेंटात, म्हणजे दर पाच वर्षांनी भरणाऱ्या समकालीन कलेच्या मोठ्या प्रदर्शनात, त्यांची चित्रं होती, 2014 मध्ये लिव्हरपूलच्या टेटमध्ये, 2015 मध्ये माद्रिदच्या रेइना सोफिया संग्रहालयात. न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने 2016 मध्ये मेट ब्रॉयर ही नवी शाखा उघडली, तेव्हा सुरुवातीच्याच प्रदर्शनांत एक नसरीन यांचं होतं. त्यात 130 हून जास्त कामं होती. म्हणजे जगाने त्यांना पाहिलं ते आपल्या डोळ्यांदेखत.

मिनिमल म्हणजे नेमकं काय? मराठीत काय म्हणायचं?

लिहिणारे 'अल्पतमवाद' म्हणतात. मला तो शब्द फारसा आवडत नाही, कारण 'अल्प' म्हटलं की काहीतरी कमी पडलंय असं वाटतं. नसरीन यांनी डायरीत स्वतःसाठी एक सूत्र लिहून ठेवलं होतं, त्याचा अर्थ असा : कमीत कमी घेऊन त्यातून जास्तीत जास्त काढायचं. यातला 'जास्तीत जास्त' विसरला जातो आणि लोक फक्त 'कमी' घेऊन बसतात.

साठच्या दशकात न्यूयॉर्कमध्ये मिनिमल नावाची चळवळ उभी राहिली तिच्याशी नसरीन यांचं नातं अर्धंच आहे, हेही सांगितलं पाहिजे. डोनाल्ड जडने पत्र्याच्या पेट्या कारखान्यातून बनवून घेतल्या, कार्ल आंद्रेने तयार विटा जमिनीवर मांडल्या. कलाकाराचा हात दिसूच नये, असा तिथे आग्रह होता. नसरीन यांच्याकडे प्रत्येक रेघ त्यांनी स्वतः, बोर्डावर वाकून ओढलेली. पसारा टाळण्याचं दोघांचं वेड सारखं, पण एका बाजूला कारखाना आणि दुसऱ्या बाजूला एका बाईचं मनगट. हा फरक मला फार मोठा वाटतो.

हे तर पट्टी घेऊन कुणीही काढेल. यात विशेष काय?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि तो विचारणाऱ्याचा मला कधी राग येत नाही. आपल्याकडे एलिमेंटरी-इंटरमीजिएटच्या परीक्षा दिलेली हजारो माणसं आहेत. भूमितीच्या पेपरात आपणही पट्टीने रेघा ओढल्या, मग यांच्याच रेघा भिंतीवर का, असं वाटणं साहजिक आहे.

म्हणून आधी ती रेघ कशी ओढली जाते ते सांगते. आमच्या वेळी शाईच्या कामाला रूलिंग पेन असायचं. दोन पातळ पोलादी पाती आणि त्यांना जोडणारा बारीक स्क्रू. हे पेन दौतीत बुडवायचं नसतं. ड्रॉपरने दोन पात्यांच्या मध्ये शाईचा थेंब सोडायचा, पाती बाहेरून पुसून कोरडी करायची आणि स्क्रू फिरवून रेघेची जाडी ठरवायची. आधी रद्दी कागदावर ओढून बघायची. शाई जास्त भरली तर टेकवताक्षणी डाग पडतो, कमी भरली तर रेघ मध्येच मरते. पेन पट्टीला चिकटून चाललं तर शाई पट्टीखाली शिरते आणि सगळी शीट फुकट जाते, म्हणून पट्टीची कड कागदापासून केसभर उचललेली हवी. हाताचा वेग सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच ठेवायचा. मध्ये थांबलं की तिथे गाठ येते. पहिली ओली असताना दुसरी ओढायची नाही. मुंबईच्या जुलैत तर एकेक रेघ वाळायची वाट बघत बसावं लागायचं आणि हाताखाली टिपकागद ठेवला नाही तर घामाने शीट फुगायची.

हे सगळं मी शिकले ते एका इमारतीचा आराखडा नीट यावा म्हणून. आराखड्यात चुकलेली रेघ ब्लेडने खरवडता येते, वर पुन्हा ओढता येते, कारण बघणाऱ्याला भिंत कुठे आहे एवढंच हवं असतं. नसरीन यांच्या चित्रात रेघेच्या मागे लपायला भिंत नाही. चार इंचांत पन्नास-साठ रेघा, दोन रेघांमधलं अंतर क्रमाक्रमाने वाढत जाणारं, काही रेघा गर्द काळ्या सुरू होऊन पेन्सिलीच्या राखाडीत विरत जाणाऱ्या. पन्नासावी रेघ बिघडली तर आधीच्या एकोणपन्नास गेल्या.

पण नुसत्या कौशल्यावर मी त्यांना मोठं म्हणत नाही. कौशल्य आमच्या ऑफिसातल्या ज्येष्ठ ड्राफ्ट्समनकडेही होतं, त्यांचा हात बघून आम्ही थक्क व्हायचो. नसरीन यांचा मोठेपणा असा, की त्यांनी ही हत्यारं मोजमापाच्या नोकरीतून सोडवली. आराखड्यातल्या रेघेला कायम काहीतरी सांगायचं असतं, इथे खिडकी, इथे जिना. त्यांच्या रेघेला असा निरोप पोचवायचा नसतो. ती स्वतःच कुठेतरी निघालेली असते आणि आपण तिच्याबरोबर जातो.

खात्री हवी असेल तर एक कोरा कागद घ्या. एक मिलिमीटर अंतराने तीस समांतर रेघा ओढा. मग पुढच्या तीस अशा ओढा, की अंतर हळूहळू वाढत गेलं पाहिजे पण कुठे वाढलं ते कळता कामा नये. ज्यांनी ज्यांनी हे करून पाहिलं त्यांनी हा प्रश्न मला पुन्हा विचारलेला नाही.

चित्रात तर काहीच नाही. मग बघायचं काय?

दोन रेघांमधली जागा बघा.

हे ऐकून लोक थोडे नाराज होतात, म्हणून सविस्तर सांगते. सत्तरच्या दशकातली त्यांची जाळीची चित्रं घ्या. आडव्या रेघा कागदभर गेल्या आहेत, त्यांना उभ्या किंवा तिरक्या रेघा छेदतात. लांबून कागद नुसता करडा दिसतो. पाच-सहा फुटांवर आलात की करड्यात पट्टे वेगळे होतात, काही पुढे येतात, काही मागे सरतात. हातभर अंतरावर पोचलात की पट्टे नाहीसे होऊन सुट्या रेघा उरतात. मग लक्षात येतं की कागद कुठे खोल गेलाय आणि कुठे वर आलाय हे त्या रेघांमधल्या रिकाम्या जागांनी ठरवलंय. जागा चिंचोळी झाली की तिथे सावली पडल्यासारखी वाटते, रुंदावली की उजेड आत आल्यासारखा. छाया-प्रकाशाचं एकही शेडिंग न करता.

आपल्या भाषेत यासाठी एक फार चांगला शब्द आहे : अवकाश. त्याचा अर्थ जागा, आणि 'अजून थोडा अवकाश आहे' म्हणताना तोच शब्द वेळ सांगतो. नसरीन यांच्या कागदावर मला हे दोन्ही अर्थ एकदम भेटतात. डोळ्याला डावीकडून उजवीकडे जायला वेळ लागतो आणि तो वेळ किती लागावा हे रेघांची गर्दी ठरवते. दाट भागातून आपण सावकाश सरकतो, मोकळ्या भागात निसटतो.

फोनवर ही चित्रं बघून 'काहीच नाही' म्हणणाऱ्यांना एवढीच विनंती, की घाई करू नका. बारीक रेघा फोनच्या पडद्यावर एकमेकींत मिसळून जातात आणि पेन्सिलीची फिकट रेघ तर बऱ्याचदा दिसतच नाही.

सुरुवातीपासून त्या अशाच रेघा काढत होत्या का?

नाही. 1961 मध्ये मुंबईत गॅलरी 59 मध्ये त्यांचं पहिलं एकल प्रदर्शन झालं. त्या दशकातली चित्रं पाहिली तर शाईचे ओघळ आहेत, फांद्या-काटक्यांसारखे आकार आहेत, तैलरंग आहेत, कोलाज आहेत. निसर्ग ओळखू येतो, निदान त्याची चाहूल लागते. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला पानं गळावीत तसं हे गळत गेलं आणि जाळी आली. रंग जवळजवळ संपले. शाई आणि ग्राफाइट एवढंच राहिलं.

त्याच दशकात पुढे जाळी मोडायला लागली. तिरक्या रेघांनी जोर धरला आणि ऐंशीच्या दशकात जे झालं ते मला सगळ्यात धाडसी वाटतं : बहुतेक कागद कोरा आणि त्यात अधांतरी एखादी तिरपी रेघ, एखादा कंस, वर्तुळाचा तुकडा, बाणाच्या टोकासारखा कोन. जाळीच्या चित्रात रेघांनी कागद तोलून धरला होता. इथे कागद त्या एकुलत्या एक आकाराला तोलतो. आकार जरा खाली सरकवला असता तर तो पडला असता असं वाटतं, आणि तो पडत नाही.

जड आकार न काढता वजन दाखवणं हे आमच्या धंद्यातल्या माणसाला फार भिडतं. आम्ही कॅन्टिलिव्हर काढायचो, बाल्कनीचा बाहेर आलेला स्लॅब, तेव्हा मागे किती वजन धरून आहे याचा हिशेब करायचो. नसरीन यांच्या शेवटच्या चित्रांत हा हिशेब आहे, फक्त मागे धरून ठेवायला कोऱ्या कागदाशिवाय काही नाही.

बडोद्यात तेव्हा सगळे माणसांची चित्रं काढत होते ना? त्यात या कशा टिकल्या?

हा प्रश्न कलाशिक्षकच विचारतात आणि तो महत्त्वाचा आहे. बडोदा म्हणजे तेव्हा गोष्ट सांगणाऱ्या चित्रांचं गाव. गुलाममोहम्मद शेख, भूपेन खख्खर तिथले. 1981 मध्ये 'प्लेस फॉर पीपल' हे प्रदर्शन झालं, त्यात या दोघांबरोबर आपले ठाण्याचे सुधीर पटवर्धन, नलिनी मालानी, विवान सुंदरम, जोगेन चौधुरी होते. चित्रात माणूस परत आला पाहिजे, त्याचा मोहल्ला, त्याचं घर, त्याचं शरीर आलं पाहिजे, असा तो काळ होता.

आणि त्याच गावात नसरीन जमिनीवर बसून, बुटक्या ड्रॉइंग टेबलावर रेघा ओढत होत्या. त्यांची खोली किती स्वच्छ आणि किती मोकळी होती हे त्यांना ओळखणाऱ्यांनी पुनःपुन्हा लिहिलं आहे. मला यात भांडण दिसत नाही. त्या शिक्षिका होत्या, मुलं त्यांच्या अवतीभवती असत, वेगळ्या वाटेने जाणारे चित्रकार त्यांचे स्नेही होते. कलासमीक्षक गीता कपूर यांनी त्या माणसांच्या चित्रांची बाजू हिरिरीने मांडली आणि नसरीन यांच्यावरचा अतिशय जिव्हाळ्याचा लेखही त्यांचाच आहे. मोठी गावं अशीच असतात, तिथे दोन टोकं शेजारी राहतात.

त्या गायतोंड्यांच्या शिष्या होत्या का?

रीतसर शिष्या नव्हेत, पण भुलाभाई इन्स्टिट्यूटमध्ये त्यांची गाठ पडली आणि गायतोंड्यांचा आदर त्यांच्या मनात कायम राहिला. चित्रकार वासुदेव गायतोंडे मूळचे गोव्याकडचे, जन्म नागपूरचा, 1924 चा, म्हणजे नसरीनपेक्षा तेरा वर्षांनी मोठे. हुसेन तिथेच काम करत, अल्काझींची नाटकं तिथे होत, रविशंकरांचं 'किन्नर' हे संगीत विद्यालय तिथेच होतं. समुद्रकाठच्या एका जुन्या बंगल्यात एवढं सगळं एकत्र नांदत होतं, याची मुंबईकरांनाही आता आठवण राहिलेली नाही आणि त्याचं मला वाईट वाटतं.

दोघांनाही झेन विचारांची ओढ होती, दोघांनाही गप्प राहता येत असे. पण गायतोंड्यांच्या कॅनव्हासवर रंग थरावर थर चढतो, पुसला जातो, पुन्हा चढतो. खोल पाण्यात बघावं तसं आपण आत बघतो. नसरीन यांच्या कागदावर थर नाहीत. जे आहे ते पृष्ठभागावर, एकदाच ओढलेलं. गायतोंड्यांकडून त्यांनी संयम घेतला असेल, रेघ मात्र सर्वस्वी स्वतःची.

मग ॲग्नेस मार्टिनचं काय? परदेशी समीक्षक तर लगेच तिचं नाव घेतात.

घेतात, आणि डॉक्युमेंटानंतर जरा जास्तच घेतलं गेलं. मार्टिन ही चित्रकार जन्माने कॅनडाची, पुढे अमेरिकेत न्यू मेक्सिकोच्या माळरानावर राहिलेली. तिनेही पेन्सिलीने जाळ्या काढल्या. पण तिचा कॅनव्हास बहुधा सहा फुटांचा चौरस, त्यावर जाळी सगळीकडे सारखी पसरलेली, शांत, समोरासमोर. नसरीन यांचा कागद मांडीवर मावेल एवढा आणि रेघांना वेग आहे, कल आहे, दिशा आहे. मार्टिनसमोर आपण स्थिर होतो. नसरीनसमोर आपण निघतो. दोघींना शेजारी लावून बघायला माझी हरकत नाही, पण एकीच्या मापाने दुसरीला मोजायला आहे. आपल्या चित्रकाराला आधी बाहेरचं कुणीतरी जुळं शोधून द्यायचं आणि मगच मोठं म्हणायचं, या सवयीचा मला त्रास होतो.

ही इस्लामी जाळीकाम किंवा नक्षीची परंपरा आहे का?

संबंध आहे, पण सरळ नाही. फत्तेपूर सिक्री त्यांना फार जवळची होती, तिथे त्यांनी फोटोही काढले. सूफी विचारांबद्दल त्यांना आस्था होती. पण नक्षीत एक घटक पुनःपुन्हा येतो आणि कागद संपला तरी ती मनात पुढे चालू राहते. नसरीन यांच्या जाळीत पुनरावृत्ती फसवी असते. तेच अंतर पुन्हा येतंय असं वाटतं तोवर ते बदललेलं असतं. फत्तेपूर सिक्रीत त्यांना काय दिसलं असेल असं विचाराल तर मी नक्षीकडे बोट दाखवणार नाही. फरसबंद मोकळी अंगणं, पायऱ्या, कडेकडेने जाणारी सावलीची धार, हे त्यांच्या फोटोंत आणि चित्रांत जास्त आहे.

त्यांनी फोटोही काढले? ते कुठे दिसत का नाहीत?

आयुष्यभर काढले आणि हयातीत एकदाही प्रदर्शनात मांडले नाहीत. चित्रांचा कच्चा खर्डा म्हणून ते नव्हते, ती त्यांची बघण्याची रीत होती. रस्त्यावर मारलेले पांढरे पट्टे, पाणी ओसरल्यावरची वाळू, वाळवंट, मागावर ताणलेले ताण्याचे धागे, इमारतीची कड. फोटोचं नेमकं कापकाम करून त्या ओळखीची वस्तू अशी पकडत, की क्षणभर कळत नाही हा रस्ता आहे की आकाश.

मागाच्या फोटोंबद्दल दोन शब्द जास्त लिहिते. हातमागावर बसलेल्या माणसाच्या बाजूने पाहिलं तर ताण्याचे शेकडो धागे आपल्यापासून दूर जाताना एकत्र येतात, तेवढ्यात निम्मे वर उचलले जातात आणि दोन पातळ्यांमध्ये पाचरीसारखी फट उघडते. पैठण-येवल्याकडे पैठणीचे माग चालताना ज्यांनी पाहिलेत त्यांच्या डोळ्यांसमोर हे लगेच उभं राहील. नसरीन यांच्या सत्तरच्या दशकातल्या तिरक्या रेघांच्या चित्रांत मला ती फट दिसते. मी हे पुराव्याने म्हणत नाही, बघणाऱ्याच्या हक्काने म्हणते आहे.

चित्रांना नावं आणि तारखा का नाहीत?

त्यांनी दिल्या नाहीत. त्यामुळे संग्रहालयात 'शीर्षकहीन, अंदाजे 1975' अशा पाट्या दिसतात आणि क्रम लावायचं काम अभ्यासकांना शैलीवरून करावं लागतं. मला नाव नसण्याची सोय वाटते. नाव असतं तर आपण रेघांत ते शोधत बसलो असतो.

त्यांच्या डायऱ्यांत काय आहे?

वाचायला गेलात तर छोटी छोटी वाक्यं आहेत. एकटेपणाबद्दल, शिस्तीबद्दल, कामाबद्दल, कधी नुसता प्रवासाचा तपशील. माद्रिदच्या प्रदर्शनाला दिलेलं नावही डायरीतल्या ओळीवरून घेतलं होतं, 'वाट पाहणं हाही उत्कट जगण्याचा भाग आहे' अशा अर्थाची ती ओळ. पण डायऱ्या वाचण्याइतक्याच बघायच्या आहेत. छापील पानावरच्या तारखांच्या चौकटी, वारांच्या ओळी, स्वतःचंच अक्षर यांवर त्यांनी शाईचे पट्टे ओढले, ओळीच्या ओळी झाकल्या. आठवड्याचं साधं पान हळूहळू रचना होऊन जातं. त्यांनी झाकलेलं आपण उकरू नये असं मला वाटतं. जे झाकलं तेही त्यांनी इतकं नीट झाकलं आहे.

हात चालेनासा झाला होता म्हणून शेवटची चित्रं इतकी मोजकी आहेत, हे खरं आहे का?

त्यांना चेतासंस्थेचा असाध्य आजार होता. शेवटच्या वर्षांत शरीराच्या हालचालींवरचा ताबा सुटत चालला होता. आणि त्या वर्षांतल्या चित्रांत रेघ जराही थरथरलेली नाही. चहाचा कप धरणं ज्या हाताला जड जावं त्याने शाईचा कंस एका दमात पुरा करायचा, म्हणजे काय, हे मी कल्पनेनेही धड पकडू शकत नाही.

पण 'आजारामुळे मोजकी' हे म्हणणं मला पटत नाही. पसारा कमी करत जाण्याची वाट त्यांनी त्याच्या कितीतरी आधी धरली होती. आजारी माणसाला सोपं पडावं असं या चित्रांत काहीही नाही. उलट मोकळ्या कागदावरच्या एकट्या रेघेत चूक लपवायला जागाच उरत नाही. त्यांच्या दुखण्याची गोष्ट सांगून चित्रांकडे दयेने बघायला लावू नये, एवढं मात्र मी सगळ्यांना कळकळीने सांगते.

ही चित्रं प्रत्यक्ष कुठे बघायला मिळतील?

दिल्लीच्या किरण नाडर संग्रहालयाकडे त्यांचा चांगला संग्रह आहे, 2013 मध्ये संग्रहालयाने मोठं प्रदर्शनही केलं होतं. जपानमध्ये हिमेजीच्या ग्लेनबारा संग्रहालयात बरीच कामं आहेत. कागदावरच्या शाईला आणि ग्राफाइटला उजेड सोसत नाही, त्यामुळे अशी चित्रं कायम भिंतीवर नसतात, आलटून पालटून मांडतात. जायच्या आधी चौकशी करा. दालनात उजेड मंद असेल, डोळे रुळायला दोन-चार मिनिटं द्या. चष्मा लागत असेल तर जवळचा घ्या. आणि एकाच चित्रासमोर दहा मिनिटं थांबा. दहा चित्रांसमोर एकेक मिनिट थांबण्यापेक्षा हातात जास्त लागतं.

मुलांना हे कसं दाखवायचं? त्यांना कंटाळा येतो.

मुलांना येत नाही, आपल्याला येईल या भीतीने आपणच आधी पुढे सरकतो. माझा अनुभव एका सहावीच्या वर्गाचा आहे. मी चित्राचा मोठा प्रिंट लावला आणि विचारलं, मुंगी झालात तर या कागदावरून कुठून जाल? पाच मिनिटांत फळ्यापाशी गर्दी. एक मुलगी म्हणाली, "इथून नको, इथे चढ आहे." सपाट कागदावर तिला चढ दिसला होता. चित्राबद्दल मी याहून चांगलं काही सांगू शकले नसते, म्हणून पुढे काही बोललेच नाही. प्रत्येकाला वहीचा कागद आणि पट्टी दिली.

किहीमला गेलं तर काही बघायला मिळेल का?

चित्रं नाहीत. पण किहीम त्यांच्या कुटुंबाच्या जिव्हाळ्याचं ठिकाण होतं, तिथे त्या वारंवार जात, आणि त्या किनाऱ्याने त्यांना काय दिलं ते आजही तिथेच आहे. हाच तो किनारा जिथे सालीम अलींनी सुगरण पक्ष्याचा विणीचा हंगाम पाहिला होता, म्हणजे एकटक बघत बसणाऱ्यांना किहीम पूर्वीपासून लाभलेलं आहे.

गेटवेहून मांडव्याची लाँच धरा, पुढे रस्त्याने किहीम. जायचं ते ओहोटीला. कोकणातला जुना हिशेब असा, की तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ मिळते : चतुर्थीला तीनच्या सुमारास भरती, म्हणजे नऊच्या सुमारास ओहोटी. पौर्णिमेला किंवा अमावास्येला भरती बाराच्या आसपास येते, म्हणून पाणी सगळ्यात लांब गेलेलं असतं ते सकाळी आणि संध्याकाळी सहाच्या आगेमागे. या दोन तिथींपैकी एक निवडा, रात्र तिथेच काढा आणि उजाडता उजाडता सुरूच्या झाडांतून खाली उतरा. ऊन तेव्हा तिरपं असतं आणि ओल्या वाळूवर लाटांनी ठेवलेल्या रेघांपैकी प्रत्येकीला सावलीची एक बाजू असते. त्या समांतर वाटतात. गुडघ्यावर बसून एकीच्या मागे मागे नजर न्या, ती दुसरीला कुठे मिळते ते बघा. ऊन वर आलं की सावल्या जातात आणि वाळू नुसती सपाट दिसते, तेव्हा चहा नंतर घ्या.